थोरांघरचा अबोला



आपल्या मंडळाच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी प्रत्येकीने काहीतरी लिहून द्यावे असे ठरले, तेव्हा मी सरळ सांगितले होते की माझ्याकडून फार तर लोणच्याची नाहीतर चकलीच्या भाजणीची कृती घ्या. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. लेख म्हणजे काय, त्याला सुरुवात कुठून करतात, हे मला कुठून ठाऊक असणार? पण आपल्या अध्यक्षबाई ऐकेनात. गुरुवारच्या दुपारी तुम्ही आम्हाला जे पुस्तक वाचून दाखवले त्यावरच लिहा, असे त्या म्हणाल्या. म्हणून धीर करून लिहायला बसले आहे. चूकभूल पोटात घालावी.

आपल्या गुरुवारच्या वाचनाची रीत तुम्हा सगळ्यांना ठाऊक आहेच. एकीने वाचायचे, बाकीच्यांनी वाती वळत, गहू निवडत ऐकायचे. माझा आवाज जरा मोठा, म्हणून वाचायचे काम माझ्याकडे आले. मागच्या पावसाळ्यात पुस्तकांच्या पेटीतून रमाबाई रानडे यांचे ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ हे पुस्तक निघाले. १९१० साली छापलेले, शंभरावर वर्षे झालेले पुस्तक. रमाबाईंचे नाव आपल्याला नवे नाही. २०१२ साली त्यांच्यावर ‘उंच माझा झोका’ ही मालिका लागत होती, तेव्हा आपल्या आळीत त्या वेळेला कोणी कोणाकडे जात नसे. पण मालिका पाहणे वेगळे आणि त्या माउलीने स्वतःच्या हाताने लिहिलेले वाचणे वेगळे.

खरे सांगायचे तर ते पुस्तक माझ्या हाती आले तेव्हा आमच्या घरात अबोला चालू होता. त्याची हकीकत पुढे येईल. आधी रमाबाईंची सांगते.

रमाबाईंचा जन्म १८६२ सालचा. आताच्या सांगली जिल्ह्यातले देवराष्ट्रे हे त्यांचे माहेर, आणि माहेरचे आडनाव कुर्लेकर. माहेरचे नाव यमुना. त्या काळच्या रीतीप्रमाणे मुलीला लिहायला वाचायला शिकवणे हे पाप समजत असत. शिकलेली मुलगी विधवा होते अशी बायकांची समजूत असे. त्यामुळे यमुनेला घरकाम, देवपूजा आणि कहाण्या एवढेच ठाऊक होते.

१८७३ सालच्या डिसेंबरात अकराव्या वर्षी तिचे लग्न महादेव गोविंद रानडे यांच्याशी झाले. माधवराव तेव्हा एकतीस वर्षांचे, पुण्याला सरकारी न्यायाधीश. त्यांची पहिली पत्नी त्याच वर्षी वारली होती. तिच्या आठवणीने ते फार दुःखी असत. शिवाय ते सुधारक. विधवांचे पुनर्विवाह व्हावेत म्हणून झटणाऱ्या मंडळींत त्यांचे नाव पुढे होते. त्यामुळे आता हे स्वतः विधवेशीच लग्न करणार असे लोक धरून चालले होते. तीच धास्ती त्यांच्या वडिलांना होती. वडिलांनी घाईघाईने मुलगी पाहिली आणि मुलाला आपल्या शब्दात अडकवले. माधवरावांना वडिलांचा शब्द मोडता आला नाही. लोकांनी त्यांची पुष्कळ निंदा केली. बोलतात एक आणि करतात एक, असे जो तो म्हणू लागला. लग्न लागल्यावर ते चालत घरी आले आणि आपल्या खोलीचे दार लावून बसले.

बायांनो, आता त्या पोरीचा विचार करा. अकरा वर्षांची मुलगी, आईबापांपासून दूर आलेली, आणि नवरा असा की ज्याच्या मनात हे लग्नच नव्हते. यापुढे संसार कसा होणार, असेच कोणालाही वाटले असते.

पण माधवरावांनी आपले दुःख त्या मुलीवर काढले नाही. मुलीचे वडील गावी परत गेल्यावर त्यांनी तिला माडीवर बोलावले आणि तिला लिहिता वाचता येते का ते विचारले. आपले नाव तरी ठाऊक आहे का, असेही विचारले. तिने न लाजता नवऱ्याचे पूर्ण नाव, जसे ऐकले होते तसे, सांगून टाकले. अक्षर मात्र एकही येत नव्हते. मग पाटी आणि पेन्सिल आली. दिवसभर कोर्टाचे काम करून थकून आलेला माणूस रात्री त्या पोरीला मुळाक्षरे गिरवायला शिकवू लागला. यमुनेची रमा झाली ती अशी. त्यांची प्रीती कुठून सुरू झाली म्हणाल तर त्या पाटीवरून. आपल्याकडे नवरा गजरा आणतो, साडी आणतो. त्यांच्याकडे अक्षरे आली.

पण माडीवरचा हा उजेड खालच्या माजघरातल्या बायकांना सहन होईना. घर मोठे. सासूबाई, नणंद, आणखी वडील नात्याच्या कितीतरी बायका. सून रात्री नवऱ्याजवळ बसून धडे घेते, याची त्यांना लाज वाटे आणि रागही येई. दिवसभर टोमणे चालत. सर्वांच्या पुढे अभ्यास करायचा नाही, माडीवर काय करायचे ते करा, असा त्यांचा सूर. रमाबाई उलट उत्तर देत नसत आणि नवऱ्याकडे गाऱ्हाणे नेत नसत. रात्री धडा आणि दिवसा टोमणा, असे त्यांचे बालपण सरले.

१८७८ साली माधवरावांची नाशिकला बदली झाली आणि तिथे पहिल्यांदा रमाबाईंना स्वतःचा असा संसार मिळाला. रमाबाई तेव्हा सोळा वर्षांच्या. सासूनणंदांचा वचक नाही, सकाळसंध्याकाळ नवऱ्याचा सहवास. पुढच्याच वर्षी धुळ्याला जावे लागले. वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडाचे ते दिवस होते आणि सरकारचा माधवरावांवरही डोळा होता. बाहेर अशी काळजी असली तरी त्या वर्षांत त्या दोघांचे चांगले सूत जमले. मराठी चांगले आल्यावर इंग्रजीही सुरू झाले. रात्री त्या नवऱ्याला वाचून दाखवत, आणि त्यांच्या तळपायांना तूप चोळत. तूप चोळता चोळता त्यांना झोप लागली म्हणजे मग यांची सुटका. ही रीत पुढे कितीतरी वर्षे चालली. मी हे वाचत होते तेव्हा आपल्यातली एक जण हळूच म्हणाली की शिकवायची फी बरीच घेत होते. आपण सगळ्या हसलो. पण रमाबाईंनी हे तक्रार म्हणून लिहिलेले नाही. दिवसभरात नवराबायकोला निवांत बोलायला मिळणारा वेळ तो तेवढाच होता.

मग पुन्हा पुणे आले आणि पुन्हा तेच माजघर. १८८२ साली पंडिता रमाबाई पुण्याला आल्या. एवढी विद्वान, संस्कृत जाणणारी बाई पाहून शिकलेल्या घरांतल्या बायका आर्य महिला समाजात जमू लागल्या. माधवरावांचे म्हणणे असे की आपल्या बायकोने तिथे गेलेच पाहिजे. घरच्या वडील बायकांचे म्हणणे असे की त्या सभेला जाणाऱ्या बाईने आमच्या सोवळ्याला शिवायचे नाही. रमाबाई सभेहून आल्या की त्यांना स्वयंपाकघरात हात लावू देत नसत. त्यांच्याशी धड बोलत नसत.

आता या दोघांत रमाबाईंनी काय करावे? नवऱ्याचे ऐकले तर सासर दुरावते, सासरचे ऐकले तर नवरा दुखावतो. आपल्यापैकी कितीजणी या जात्यात भरडल्या गेल्या आहेत ते मी सांगायला नको. आमच्याही घरी, मी मंडळात येऊ लागले तेव्हा, पहिली दोन वर्षे पायरी उतरताना माझ्या पाठीवर दहा शब्द पडत.

एके दिवशी असे झाले की बायकांच्या एका सभेच्या वेळी घरच्या वडील बायकांच्या भिडेला पडून रमाबाई जुन्या मताच्या बायकांत जाऊन बसल्या. मोठे काही पाप केले नाही. रोजच्या टोमण्यांतून एक दिवस सुटावे, एवढाच हेतू असेल. ते माधवरावांना कळले. ते रागावले नाहीत, आवाज चढवला नाही. फक्त बोलले नाहीत. रात्री नेहमीप्रमाणे त्या वाचायला बसल्या, पाय चेपायला बसल्या, तरी अक्षर नाही. डोळे मिटून पडून राहिले. रमाबाईंना ती रात्र जागून काढावी लागली. दुसऱ्या दिवशीही तेच. घरच्या इतक्या बायका वर्षानुवर्षे बोलत नव्हत्या, तेव्हा त्यांनी ते सोसले. या एका माणसाचे न बोलणे मात्र त्यांना एक दिवस सोसवेना. शेवटी त्यांनीच चूक कबूल केली. आपल्या माणसानेच आपल्या मनाविरुद्ध वागावे याचे वाईट वाटते, एवढेच माधवरावांनी शांतपणे सांगितले आणि प्रकरण मिटले.

भगिनींनो, त्या गुरुवारी हे पान वाचताना माझा आवाज अडकला, आणि मी घसा धरला आहे म्हणून पुढचे वाचन दुसरीकडे दिले. घसा वगैरे काही नव्हते. त्या दिवशी आमच्या घरच्या अबोल्याचा पाचवा दिवस होता.

हकीकत अशी की माझ्या धाकट्या दिरांना कर्ज हवे होते आणि आमचे हे मला न विचारता त्यांना जामीन राहिले. मला कळले ते तिसऱ्याच माणसाकडून. मुलीच्या पुढच्या शिक्षणाला पैसे हवेत, आणि हे आपल्या सह्या करून मोकळे. मला फार राग आला. भांडण झाले, आणि त्यानंतर मी बोलणे टाकले. चहा पुढे ठेवायचा, डबा भरून ठेवायचा, पण शब्द नाही. यांनी दोनतीनदा काही विचारले तर मी मुलीकरवी उत्तर दिले. चूक त्यांची आहे, मी का म्हणून आधी बोलू, असे माझे म्हणणे. आणि चूक त्यांची होती, हे मी आजही म्हणते.

नवव्या दिवशी पिठाच्या गिरणीत यांच्याच कारखान्यातल्या एकाची बायको भेटली. तिने विचारले की आता तुमच्याकडे कसे काय करणार. मला अर्थच कळेना. मग तिने सांगितले की चार दिवसांपूर्वी या दोघांच्या खात्याचे काम बंद झाले आहे. मी डोक्यावर डबा घेऊन तशीच उभी राहिले. चार दिवस हे रोज सकाळी वेळेवर कपडे घालून, डबा घेऊन बाहेर पडत होते आणि संध्याकाळी वेळेवर परत येत होते. डबा रिकामा येई, म्हणून मला शंका आली नाही. दिवसभर हा माणूस कुठे बसत असेल? आणि घरी सांगणार तरी कोणाला? ऐकणारीने तोंड शिवून घेतले होते.

त्या रात्री मी काही मोठे बोलले नाही. उद्या डबा करू का, एवढेच विचारले. यांनी माझ्याकडे पाहिले आणि ते समजले. मग बराच वेळ आम्ही दोघे ओट्याशी बसून होतो. पुढे दोन महिन्यांनी यांना दुसरीकडे काम लागले. दिरांचे हप्तेही चालू आहेत. पण ते चार दिवस मला विसरता येत नाहीत.

एवढे घरचे सांगितले, कारण त्याशिवाय पुढचे सांगता येणार नाही. आता पुन्हा रमाबाईंकडे येते.

१८८४ साली पुण्यात मुलींसाठी हायस्कूल निघाले, ज्याला आपण हुजूरपागा म्हणतो. ते व्हावे म्हणून झालेल्या सभेत रमाबाईंनी गव्हर्नरसाहेबांच्या पुढे इंग्रजीत वाचून दाखवले. ज्या मुलीला लग्नात अक्षर ओळखता येत नव्हते ती बावीस वर्षांची बाई भरसभेत इंग्रजी वाचते, याचे माधवरावांना केवढे कौतुक वाटले असेल! पण त्याच दिवशी घरी आल्यावर बायकांनी रमाबाईंना नको नको ते ऐकवले. त्या रडल्या. माडीवर माधवरावांनी त्यांची समजूत घातली. थोडी थट्टा करून हसवले आणि सोसण्याने आपण मोठे होतो असे सांगितले.

इथे मी लहान तोंडी मोठा घास घेते. माझ्या मते माधवरावांनी तेव्हा खाली येऊन आपल्या वडील बायकांना दोन शब्द सांगायला हवे होते. ज्या सभेत बायकोला त्यांनी पाठवले त्या सभेची शिक्षा बायकोने एकटीने का भोगावी? ते वडीलधाऱ्यांपुढे बोलत नसत. लग्नाच्या वेळी वडिलांपुढे बोलले नाहीत, आणि पुढे या बायकांपुढेही नाहीत. एवढा मोठा माणूस, पण घरातल्या घरात त्यांचाही पाय अडखळे. आणि तो अबोला धरला तो वीस वर्षांनी लहान असलेल्या बायकोशी, जिला त्या घरात दुसरे कोणीच नव्हते. रमाबाईंनी त्यांना कुठे दोष दिलेला नाही. पण लपवलेही नाही. सगळे जसे घडले तसे लिहिले, म्हणून तर मला आज हे म्हणता येते.

त्यांच्या संसारात गोड दिवसही पुष्कळ आले. १८८६ साली माधवरावांची सरकारने एका फायनान्स कमिटीवर नेमणूक केली, तेव्हा रमाबाई त्यांच्याबरोबर सिमल्याला आणि कलकत्त्याला गेल्या. कलकत्त्याला सगळीकडे बंगाली. माधवरावांनी बंगालीची पुस्तके आणली, आधी आपण शिकले आणि मग रमाबाईंना शिकवू लागले. एकदा हजामत चालू असताना ते बंगाली पुस्तक मोठ्याने वाचत होते आणि अडेल तिथे न्हाव्याला विचारत होते. आतून रमाबाईंनी ते ऐकले. मग त्यांनी नवऱ्याला चिडवले की गुरुजी तर फारच छान मिळाले! माधवरावही कमी नव्हते. दत्तात्रेयाने चोवीस गुरू केले, मग न्हाव्याला गुरू करण्यात मला कमीपणा कसला, अशा अर्थाचे काही तरी उत्तर देऊन ते हसले. लग्नाला तेव्हा तेरा वर्षे झाली होती. पाटीपुढे मान खाली घालून बसणारी मुलगी आता नवऱ्याची थट्टा करू लागली होती. मला हा प्रसंग सगळ्यांत आवडला.

आंब्याची गोष्टही तुम्हाला आठवत असेल. रमाबाईंनी चांगला आंबा कापून फोडी पुढे ठेवल्या. माधवरावांनी दोनचार खाल्ल्या आणि ताटली सारली. आपण प्रेमाने कापले आणि हे खात नाहीत, म्हणून रमाबाईंना राग आला. माधवरावांनी मग आपल्या शिकण्याच्या दिवसांतली आठवण सांगितली. मुंबईला चाळीत शेजारी एक बाई राहत. आधी त्यांचे चांगले चालले होते, मग गरिबी आली, पण जिभेची सवय जाईना आणि त्यांचे हाल होत. ते पाहून यांनी ठरवले की जिभेला फार लाडवायचे नाही. आंब्यावरून सुद्धा नवराबायकोत रुसवा होतो, मग तो आपल्यासारख्यांकडे होवो की न्यायमूर्तींकडे. मात्र तिथे रुसवा आला तसा तो बोलून गेला.

त्यांच्या संसारातला सर्वांत अवघड प्रसंग पंचहौद मिशनच्या चहाचा. १८९० साली पुण्यात मिशनऱ्यांनी काही मोठ्या लोकांना व्याख्यानासाठी बोलावले आणि नंतर चहा दिला. त्यांत माधवराव होते, टिळकही होते. ही बातमी बाहेर फुटली आणि शहरात केवढा गहजब झाला. प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले. चहाला गेलेल्यांच्या घरी श्राद्धपक्षाला, कार्याला भटजी मिळेनात. जेवणाच्या पंगती तुटल्या. चहा पुरुषांनी घेतला, पण त्याचा ताप सोसला घरातल्या बायकांनी, कारण सण, श्राद्ध आणि पाहुणे त्यांनाच पाहायचे असतात. रमाबाईंनी ते सारे न कुरकुरता निभावले. नवऱ्याने केले ते चूक नाही, मग भोगायचे ते भोगू, असा त्यांचा निश्चय होता.

आणि मग १८९२ साली माधवरावांनी प्रायश्चित्त घेतले. ज्या नवऱ्यासाठी त्यांनी एवढे सोसले त्यानेच मान तुकवली. रमाबाईंच्या मनाला ते फार लागले. आजवर त्या ज्यांच्या शब्दावर चालत आल्या, ते असे का वागले हे त्यांना कळेना. वर्तमानपत्रांनी तर टीकेची झोड उठवली. माधवरावांनी हे स्वतःसाठी केले नव्हते. त्यांच्याबरोबर ज्या मित्रांवर बहिष्कार पडला होता त्यांच्या घरच्या अडचणी त्यांना पाहवल्या नाहीत, म्हणून त्यांनी अपमान गिळला. रमाबाईंना पुढे हे उमगले. पण उमगले म्हणून आधीचे दुःख नव्हतेच, असे त्यांनी लिहिले नाही. नवऱ्यावर एवढी भक्ती असलेल्या बाईने, आपल्याला तेव्हा वाईट वाटले हे कागदावर ठेवले. याला मी धैर्य म्हणते.

१८९३ साली माधवराव मुंबईच्या हायकोर्टात न्यायमूर्ती झाले. रमाबाईही मुंबईत बायकांच्या सभा, शिकवण्याचे वर्ग यांत लक्ष घालू लागल्या. आता माजघर टोकत नव्हते. सुखाची म्हणावीत अशी ती सातआठ वर्षे. पण माधवरावांना हृदयाचा विकार जडला होता. १६ जानेवारी १९०१ रोजी ते गेले. एकोणसाठावे वर्ष पुरे व्हायला दोन दिवस कमी होते. रमाबाई अडतीस वर्षांच्या होत्या. सत्तावीस वर्षांचा संसार संपला.

त्यानंतर त्या तेवीस वर्षे जगल्या, आणि आपल्यासारख्या बायकांना त्यांचे सर्वांत मोठे देणे त्या तेवीस वर्षांतले आहे. १९०४ साली मुंबईला भारत महिला परिषद भरली, तिच्या त्या अध्यक्ष झाल्या. १९०९ साली पुण्यात त्यांनी सेवासदन सुरू केले. तिथे विधवा, टाकलेल्या, अर्धवट शिक्षण राहिलेल्या बायकांना शिकवून शिक्षिका, नर्स असे स्वतःच्या पायावर उभे केले जाई. ती संस्था आजही आहे. तुरुंगातल्या कैदी बायकांना त्या भेटायला जात. पुण्यात मुलींनाही प्राथमिक शिक्षण सक्तीचे करावे म्हणून १९२१ च्या सुमारास बायकांना घेऊन त्या रस्त्यावर उतरल्या. १९२४ साली त्या वारल्या. १९६२ साली त्यांच्या जन्मशताब्दीला सरकारने त्यांच्या नावाचे तिकीट काढले.

आणि या सगळ्याच्या मध्येच, १९१० साली, त्यांनी ते आठवणींचे पुस्तक लिहिले. त्याला प्रस्तावना गोपाळ कृष्ण गोखल्यांची आहे. पुस्तकात नवऱ्याचा उल्लेख त्या नावाने करत नाहीत. ‘स्वतः’ असे लिहितात. स्वतः कोर्टातून आले, स्वतः रागावले, असे. आधी आधी मला वाचताना घोटाळा व्हायचा की हे ‘स्वतः’ म्हणजे कोण, लिहिणारी की नवरा. अकराव्या वर्षी जिने नवऱ्याचे नाव धडाधड सांगितले, तिने म्हातारपणाकडे झुकल्यावर ते कागदावरही लिहिले नाही. तेव्हाची रीतच ती होती. पण वाचता वाचता माझ्या मनात येई की इतकी वर्षे एकत्र राहिल्यावर कुठले दुखणे आपले आणि कुठले त्यांचे, हे वेगळे काढता येत नाही, म्हणून तो शब्द तिथे इतका शोभतो.

आपल्या आळीत नव्या नव्या सुना येतात. त्यांतली एक मागे मला विचारत होती की काकू, ज्यांचे प्रेम असते त्यांच्यात रोज खटके कसे उडतात? मी तिला तेव्हा काही उत्तर दिले नाही. आता सांगते. खटके उडू देत. आंब्यावरून उडोत, पैशावरून उडोत, मंडळात जाण्यावरून उडोत. आपले म्हणणे खरे असेल तर ते सोडू नकोस, माझ्यासारखी चार शब्द मोठ्याने बोल. पण बोलणे बंद करू नकोस, आणि नवऱ्याने बंद केले तर तेही चालवून घेऊ नकोस. बोलणे बंद झाले की घरातले माणूस डबा घेऊन कुठे जाते ते आपल्याला कळत नाही.

त्या पुस्तकाची प्रत आपल्या पेटीत आहे. पुठ्ठा सुटला होता तो मी खळ लावून बसवला आहे. ज्यांना घरी न्यायची असेल त्यांनी वहीत नाव लिहून न्यावी आणि पंधरा दिवसांनी परत आणावी.



— मंडळाची एक सभासद